सरकलेल्या गाठी आणि दरीची खोली

"आईशप्पथ!"

एवढंच म्हणाला तो. दरीच्या काठावर उभा, पाठीवर नकाशांची नळकांडी, तोंड उघडं... आणि शेजारी दोर गुंडाळत असलेली दोरवाली दचकली. पुढे काय होणार ते तिला ठाऊक होतं, त्या बिचाऱ्याला नव्हतं.

एक, दोन, तीन... सातव्या आकड्याला पलीकडचा कडा उजळला!

ही दरीच तशी. तिच्याकडे तोंड करून काहीही बोला, आवाज पलीकडच्या कड्यावर उजेड होऊन उमटतो. मनात जे असेल त्याचा रंग घेऊन. रागाचा विटकरी, कंटाळ्याचा राखाडी, लबाडीचा शेवाळी. म्हणून तर काठावरची माणसं खासगी काही बोलायचं झालं की आधी दरीकडे पाठ फिरवतात. सासवा-सुना तर पाठ करूनच जगतात!

पण ह्याचा रंग... मधासारखा. ओघळत ओघळत ढगांच्याही खाली गेला, जिथे ऊनसुद्धा कधी पोचलं नव्हतं. आणि तिथे दिसले धबधबे — उलटे, खालून वर चढणारे, दगडासारखे थिजलेले. जन्म काठावर गेला होता तिचा, पण हे तिनंही पहिल्यांदाच पाहिलं. हातातला दोर कधी सुटला, कळलंच नाही.

"हे... माझ्यामुळे झालं?"

"नाहीतर काय माझ्यामुळे? पाठ फिरवा आधी! सगळं गाव बघतंय तुमचं मन."

तो गर्रकन फिरला. थेट तिच्यासमोर.

"आता?"

"आता... फक्त मी."

तर हा नकाशावाला. कचेरीनं त्याला दरीची खोली मोजायला धाडलं होतं, आणि मोजायचा दोर होता तिच्या बाबांचा. तीन पिढ्यांचा खरा दोर! दोन्ही हात पसरले की एक वाव, आणि दर वावाला एक गाठ. दोराच्या टोकाला धोंडा बांधून कप्पीवरून सोडायचा, धोंडा तळाला टेकला की दोर सैल पडतो, तोवर किती गाठी गेल्या ते मोजायचं. पहिल्या दिवशी भरल्या तीनशे बारा.

"उद्या पुन्हा एकदा मोजू," तो म्हणाला. "आकडा जुळला की झालं काम. परवा निघतो."

परवा?

दुपारी बाबा घोरत होते. तिनं दोर मांडीवर घेतला आणि... काही गाठी सोडून जवळ-जवळ घातल्या. बस, एवढंच केलं हो!

दुसऱ्या दिवशी भरल्या तीनशे वीस. मग काही लांब-लांब घातल्या, तर तिसऱ्या दिवशी तीनशे पाच.

"दरी श्वास घेते!" तो दरीकडे बघून ओरडला. सात आकड्यांनी कडाभर मध सांडला. तो इतका खूश, की तिला एकदम रडू आलं आणि हसूही.

पुढे मात्र तो ओरडेनासा झाला. दरीकडे पाठ करून मुकाट आकडे लिहायचा. कंटाळला की काय?

"आज किती?" तो विचारायचा.

"तीनशे सतरा. का, घाई आहे?"

"छे. दरीलाच नाही, मला कुठली?"

असे अकरा दिवस गेले. बाराव्या दिवशी कचेरीचे साहेब आले.

साहेबांनी काठावर उभं राहूनच वही चाळली. "अकरा दिवस, अकरा आकडे! दरी श्वास घेते म्हणे. उद्यापासून कामावर येऊ नकोस."

नकाशावाल्यानं मान खाली घातली, बस.

दोरवाली तडक काठाशी गेली. तोंड दरीकडे.

"अगं, पाठ फिरव!" बाबा ओरडले.

"गाठी मी सरकवल्या, साहेब!"

"तू? कशासाठी?"

"खोली कळली असती, तर... तर हा गेला असता."

एक... दोन... सातपर्यंत मोजायला इतका वेळ लागतो? चार... पाच... पळून जावं का? सहा...

उजेड वरून आलाच नाही. तो तळातून आला. कोवळ्या पानाच्या पोटात ऊन असतं ना, तसला काहीतरी रंग. काठावर त्याला नावच नव्हतं. आणि ते थिजलेले धबधबे हलले! सळसळत वर चढायला लागले, ढग फोडून, काठाच्याही वर... सगळ्यांच्या तोंडावर तुषार उडाले. साहेबांनी टोपी काढून हातात घेतली.

तेवढ्यात नकाशावाला तिच्याशेजारी आला. तोंड दरीकडे.

"मला चौथ्या दिवशीच कळलं होतं. एका वावात दोन गाठी होत्या, साहेब. दरीला दम लागला तरी दोराला थोडाच लागतो!"

"आणि तरी गप्प बसलास?" तिनं कुजबुजत विचारलं.

"बोललो असतो, तर जावं लागलं असतं."

मध निघाला. तिच्या उजेडात मिसळला. पुढचं सांगताच येत नाही... सगळं गाव काठावर उभं होतं, आणि कोणी म्हणजे कोणी पाठ फिरवली नाही.

बऱ्याच वेळानं सगळे काठामागच्या, दोर ठेवायच्या खोलीत आले. साहेबांनी चष्मा पुसला, घसा खाकरला.

"हा दोर कचेरीत यायला हवा. ज्यानं गाठी सरकवल्या, त्यानं सोबत येऊन चारचौघांसमोर त्या सोडायच्या, नीट घालायच्या. मग आकडा मान्य, ह्याची नोकरीही शाबूत. किती दिवस लागतील?"

"हिला?" बाबा म्हणाले. "अहो, एका दुपारचं—"

दोरवालीनं त्यांच्या पायावर पाय दिला.

"महिना तरी लागेल, साहेब."

"दोन," नकाशावाला म्हणाला.