टेकडीवरचा जास्तीचा तास

“नंदिन, तुझं ते घड्याळ तासभर मागे पडलंय. बाजारातला स्वस्त माल, दुसरं काय?” मोटारसायकल उभी करत मामा म्हणाला. “पावणेअकरा झाले. तुझ्या आईचा फोन आजही नाही.”

नंदिनच्या घड्याळात पावणेदहा वाजले होते.

मागच्या सीटवरून आजोबा जपून उतरले. ते गेरमध्ये, आपल्या नमद्याच्या गोल तंबूत, शिरले आणि दाराकडे पाठ करून आडवे झाले. गेल्या रविवारीही असंच झालं होतं.

नंदिन आणि तिचा धाकटा भाऊ अनिर दर उन्हाळी सुट्टीत देशाच्या पश्चिम टोकाच्या होव्द शहरातून मेंढपाळ आजोबांच्या छावणीवर यायची. आई, मिचिद, कोरियात मासे डबाबंद करण्याच्या कारखान्यात होती. कामावर शिरताना तिथे फोन काढून घेत आणि दुपारच्या जेवणाला, बारा वाजता, थोडा वेळ परत देत. रात्री ती सुटायची, तेव्हा इथे टेकडीवर चढायला कोणी जात नसे. आणि टेकडीशिवाय फोनला रेंज नव्हती. मामाच्या जुन्या बटणांच्या फोनवरून परदेशी फोन लागतही नसे, आलेला तेवढा घेता येई. म्हणून दर रविवारी तिच्या बाराला, म्हणजे इथल्या दहाला, मामा आजोबांना टेकडीवर नेऊन बसवायचा.

“बाबा, आता ऐका,” मामा गेरच्या दारातून म्हणाला. “पुढच्या रविवारी दुपारी डॉक्टरांची जीप येईल. राजधानीत तुमच्या ऑपरेशनची तारीख ठरलीये. पुन्हा मिळायची नाही.”

“मिचिदशी बोलल्याशिवाय मी जीपमध्ये पाय ठेवणार नाही,” आजोबा भिंतीकडे तोंड करूनच म्हणाले.

“ती विसरली असेल तर?”

नंदिनला मामाचा इतका राग आला की ती बाहेर जाऊन उगाच शेणाच्या गोवऱ्या रचत बसली. आई विसरणारी नव्हती. पण मग फोन का येत नव्हता? वसंतात छावणी दुसरीकडे होती, तेव्हा तर एकही रविवार चुकला नव्हता.

“तुझं घड्याळ पुढे कर ना,” मामाचा मुलगा तुवशिन शेजारी येऊन बसला. तो तिच्याहून वर्षभराने मोठा होता आणि तेवढ्यावरच शहाणपणा करायचा. “म्हणजे बाबांची कटकट तरी थांबेल.”

तिने केलं. शाळेत धावण्यात मिळवलेलं बक्षीस होतं ते, कधी मिनिटभरही चुकलं नव्हतं. चांगल्या घड्याळाचे कान पिळावे लागले म्हणून तिचा अधिकच जळफळाट झाला.

बुधवारी मामी पीठ आणायला तालुक्याच्या गावी निघाली तेव्हा तिघंही बरोबर गेली. दुकान बंद होतं. नंदिनने दार वाजवलं.

“दहाला उघडतं, पाटी दिसत नाही का?” आतून आवाज आला.

“दहा वाजून गेले की.”

दुकानदारीण दार किलकिलं करून बाहेर डोकावली. तिने नंदिनच्या मनगटाकडे बघितलं आणि हसली. “राजधानीहून आलीस वाटतं? इकडची वेळ लाव, पोरी. इथे आत्ता नऊच वाजलेत.”

आत भिंतीवरच्या घड्याळातही नऊच वाजले होते.

“म्हणजे माझं घड्याळ आधी बरोबर होतं,” नंदिन म्हणाली.

“किंवा दुकानाचंही मागे असेल,” तुवशिन म्हणाला.

“सगळ्या गावाचं मागे आणि एकट्या तुझ्या बाबांचं बरोबर?”

तुवशिनने तोंड वाकडं केलं, पण परतीच्या वाटेवर त्याने दोनदा नंदिनचं मनगट ओढून घड्याळ बघितलं. त्यालाही विचार करावा लागत होता.

संध्याकाळी आजोबांनी रोजच्यासारखा रेडिओ लावला. बातम्यांआधी निवेदिका म्हणाली, राजधानीत सात वाजले आहेत. होव्दमधली माणसं हे ऐकलं की मनातल्या मनात एक वजा करतात. त्यासाठी कोणी थांबून विचार करत नाही. नंदिन मात्र थांबली. मामा फोन हातात घेऊन बसला होता. तिने त्याच्या खांद्यावरून डोकावून पाहिलं. फोनवरही सात वाजले होते.

ती तुवशिनला आणि अनिरला ओढत बाहेर घेऊन गेली. मेंढीच्या घोट्याची तीन हाडं, शगाय, तिने गवतावर ओळीने मांडली.

“हे आपण. हे राजधानी, आपल्या एक तास पुढे. हे कोरिया, राजधानीच्याही एक तास पुढे. आईकडे बारा, राजधानीत अकरा, आपल्याकडे दहा. कळलं?”

“हे मला पण येतं,” अनिर म्हणाला.

“मग मामाचा फोन या मधल्या हाडावर का बसलाय, ते सांग.”

अनिरला ते येत नव्हतं. तुवशिन मात्र टेकडीकडे बघत होता.

“यंदा गवत नाही म्हणून आपण एवढ्या पूर्वेला आलो,” तो सावकाश म्हणाला. “टेकडीपलीकडे शेजारचा प्रांत लागतो. तिथे राजधानीचीच वेळ चालते. आणि वरून त्यांचा टॉवर दिसतो, तो लाल-पांढरा. फोन वेळ टॉवरकडून घेतो, नंदिन!”

“म्हणजे मामा दहा समजून नऊलाच वर जातो.”

“आणि आत्याचा फोन येतो तेव्हा आपण घरी चहा पीत असतो.”

तिघंही धावत गेरमध्ये आली. मामा आता शेजाऱ्यांबरोबर शगायचा डाव मांडून बसला होता. नंदिनने सगळं सांगितलं. घाईत सांगितलं, मधूनच सुरुवात केली, टॉवर आधी आला आणि दुकान नंतर. शेजारी हसायला लागले.

“फोनला उपग्रहावरून वेळ मिळते,” मामा म्हणाला. “तो चुकतो, आणि दुकानदारीण बरोबर? सरक, उजेड अडवतेस.”

“मामा, एकदा फक्त तासभर जास्त थांब.”

“आजारी माणसाला तासभर वाऱ्यात बसवू? तू डॉक्टर आहेस का?”

नंदिनचे डोळे भरून आले. ते कोणाला दिसू नये म्हणून ती घोड्यांकडे गेली.

“आजोबांना सांगूया का?” अनिरने मागून येत विचारलं.

“आणि इतकं करून फोन आला नाही तर?” ती म्हणाली. “तिसऱ्यांदा?”

तुवशिनही मागोमाग आला होता. मोटारसायकलकडे बघत तो म्हणाला, “बाबा थांबणार नाहीत. पण मोटारसायकल थांबेल.”

रविवारी मामा आजोबांना घेऊन टेकडीवर पोचला, तेव्हा तिघं घोड्यांवरून आधीच तिथे आली होती. नंदिनने चहाचा थर्मास, आरूलचे, म्हणजे वाळवलेल्या दह्याचे, तुकडे आणि मामीचा मेंढीच्या कातड्याचा कोट आणला होता. घड्याळ तिने पुन्हा इकडच्या वेळेवर लावलं होतं.

“ही वरात कशाला?” मामा पुटपुटला आणि फोन उंच धरून रेंज शोधत दगडांच्या राशीपलीकडे गेला.

तुवशिन मोटारसायकलपाशी वाकला. प्लगची वायर त्याने ओढून सैल केली आणि पुन्हा वरवर टेकवून ठेवली. बघणाऱ्याला ती जागेवरच दिसली असती. त्याने मान वर केली तर आजोबा त्याच्याकडेच बघत होते. दोघांची नजरानजर झाली. आजोबांनी शांतपणे डोळे मिटले.

फोनवर दहा झाले. सव्वादहा. साडेदहा.

“झालं,” मामा म्हणाला. “चला, बाबा. जीप यायच्या आत सामान बांधायचंय.”

त्याने किक मारली. पुन्हा मारली. पेट्रोल बघितलं, चाकाला लाथ घातली, गाडी विकणाऱ्याच्या सगळ्या खानदानाचा उद्धार केला. नंदिनने आजोबांच्या पायांवर कोट पसरला आणि चहा दिला. वारा खरंच गार होता, आणि आजोबांचे ओठ फिके पडले होते. आपलं चुकलं असेल तर?

“घोड्यावर बसवून नेऊ,” मामा म्हणाला.

“मला घोड्यावर बसवत नाही,” आजोबा म्हणाले. “तुझी गाडी दुरुस्त कर. मला घाई नाही.”

मामा पुन्हा वाकला. त्याने सगळं तपासलं, फक्त प्लगला हात लावला नाही. अनिर नंदिनच्या मनगटाला लोंबकळून काटा बघत होता. त्या घड्याळात दहा वाजले. काहीच झालं नाही. तुवशिन बुटाच्या टोकाने माती उकरत राहिला. दहा वाजून गेले, आणि नंदिनला वाटलं, आता सगळं मीच कबूल करायचं.

फोन वाजला.

मामाच्या हातातला पाना खाली पडला. त्याने फोन कानाला लावला आणि लगेच आजोबांकडे दिला.

“बाबा?” आईचा आवाज सगळ्यांना ऐकू आला. “दोन रविवार लावतेय, लागतच नव्हता. मला वाटलं... बाबा, बरे आहात ना?”

“जेवलीस का?” आजोबांनी विचारलं.

“जेवतेय.”

“तुझ्या घोडीला शिंगरू झालं. तांबडं आहे, कपाळावर पांढरा ठिपका. मी कोणाला सांगू दिलं नव्हतं.” त्यांनी फोन दुसऱ्या कानाला लावला. “त्याच्या कानाला खूण करायचीये. मी परत आल्यावर करेन.”

पलीकडे आई रडली की हसली, ते वाऱ्यात कळलं नाही. मग मुलांची पाळी आली, आणि बोलता बोलता तिची सुट्टी संपली.

“एवढ्यासाठी अडून बसला होतात?” मामा म्हणाला.

“एवढ्यासाठीच,” आजोबा म्हणाले.

मामाने फोनवरची वेळ बघितली, मग नंदिनचं घड्याळ, मग पलीकडच्या उतारावरचा लाल-पांढरा टॉवर. त्याचे कान लाल झाले. तुवशिनने पुढे होऊन प्लगची वायर घट्ट दाबली. पहिल्याच किकला गाडी सुरू झाली.

“तू...” मामा म्हणाला.

“तासभर जास्त झाला, बाबा. फक्त.”

मामा त्याच्याकडे बघत राहिला. मग त्याने फोन नंदिनच्या हातात ठेवला. “हा तुझ्याकडे राहू दे. या घरात वेळ तू सांगायचीस. मी ऐकायला हवं होतं.”

दुपारी जीप आली आणि आजोबा स्वतःहून आत बसले. त्यांनी तिन्ही मुलांना एकेक करून जवळ घेतलं आणि वडीलधाऱ्यांच्या रीतीप्रमाणे त्यांच्या कपाळाचा वास घेतला. “तिघांनी मिळून माझा एक तास परत आणलात,” ते म्हणाले.

नंदिनने मनगटावरचं घड्याळ काढून त्यांच्या हातावर बांधलं. “आजोबा, राजधानीत उतरलात की एक तास पुढे करायचं हं.”

आजोबांनी काट्यांकडे बघितलं आणि बाही खाली ओढली.

“नाही करणार,” ते म्हणाले. “मला परत यायचंय.”