ओठ माझे, आवाज निवेसचा

तो माझ्या डोळ्यांकडे बघतच नव्हता. ओठांकडे बघत होता... आणि तेही असं, जसा एखादा शिंपी दुसऱ्याच्या अंगावरच्या सदऱ्याची शिवण बघतो.

स्टुडिओसमोरच्या कॉफीच्या दुकानात उभी होते मी. अंगात राणीचा पोशाख, त्यावर रेनकोट, पायात घरातल्या सपाता. बाहेर नोव्हेंबरची बारीक रिपरिप. दुपारच्या सुट्टीत आमच्या दुकानात राण्या, गुलाम आणि सेनापती एकाच बाकाला टेकून कॉफी पीत, त्यामुळे माझ्या मुकुटाचं कुणालाच काही नव्हतं. पण हा मेला टक लावून बघत होता!

"काय हो, माझ्या तोंडाला काही लागलंय का?" मी माझ्या मोडक्यातोडक्या इटालियनमध्ये फटकारलं.

"नाही," तो शांतपणे म्हणाला. "सतरा."

"काय सतरा?"

"गेल्या चित्रपटात तुमचा भाऊ मेला, तेव्हा तुम्ही सतरापर्यंत मोजलंत. रडत रडत. मी त्यात 'देवांनो, माझा भाऊ परत द्या' बसवलं. अजून दोन आकडे मोजले असते, बाईसाहेब, तर 'एकुलता एक भाऊ' बसला असता. जरा कंजूषपणा केलात."

मला हसावं की रागवावं कळेना. कॉफी मात्र नाकात गेली. त्यानं खिशातून रुमाल काढून पुढे केला — तेव्हाही लक्ष ओठांवरच!

आमच्या धंद्याची रीतच तशी. रोममध्ये सेटवर आवाज धरतच नाहीत. कॅमेरा चालू असताना दिग्दर्शक ओरडत असतो, सुतार ठोकत असतात, आणि नट आपापल्या भाषेत बोलतात. माझा नायक स्पॅनिश, सासरा फ्रेंच, मी कासेलची जर्मन. कुणाला कुणाचं अक्षर कळत नसे, तरी आम्ही एकमेकांच्या गळ्यात पडून ढसाढसा रडत असू. वाक्यं आठवली नाहीत तर खुशाल आकडे म्हणायचे — चेहरा तेवढा दुःखी ठेवायचा. मग एका अंधाऱ्या खोलीत दुसरीच माणसं येऊन आम्हाला इटालियन आवाज देत. त्या आवाजांसाठी ओठांच्या हालचालीत चपखल बसतील असे शब्द लिहायचं काम या माणसाचं, फोस्कोचं. माझा एकेक चित्रपट तो महिनामहिना, मुका, पुढेमागे करून बघायचा. मी त्याला त्या दिवशी पहिल्यांदा पाहिलं. त्यानं मला किती वेळा पाहिलं होतं, देव जाणे.

"आणि माझा आवाज कोण देतं?" मी विचारलं.

"या, ओळख करून देतो. पण धक्का बसेल हं!"

बसलाच. निवेसबाई पन्नाशीची, चांगली ऐसपैस, ओठात सिगारेट आणि मांडीवर नातवाचा अर्धवट विणलेला स्वेटर. तिनं सिगारेट बाजूला ठेवली, पडद्यावरच्या माझ्याकडे पाहिलं, आणि तोंड उघडलं... अगं बाई! अठरा वर्षांच्या मुलीचा, दंवात भिजलेला आवाज. मला स्वतःचाच हेवा वाटला.

"अगं पोरी," ती मला म्हणाली, "तू सुंदर दिस, मी सुंदर बोलते. दोघींची चूल पेटते. देवानं एकीला सगळं दिलं असतं तर दुसरीनं काय करायचं?"

त्या संध्याकाळी फोस्को मला बसपर्यंत सोडायला आला. दुसऱ्या दिवशीही आला. तिसऱ्या दिवशी आम्ही बस जाऊ दिली.

मग काय... नदीकाठच्या झाडांखालून चालणं, आणि चालता चालता शाळा. तो इटालियन शिकवायचा, मी चुकायचे, तो हसायचा. मी चिडून जर्मनमध्ये काही पुटपुटले की लगेच माझ्या ओठांवर बोट ठेवायचा.

"अं हं! रोममध्ये राहायचं तर रोमसारखं बोलायचं."

"नाही बोलले तर?"

"तर या ओठांना शिक्षा."

"कसली?"

कसली ते सांगत नाही. पण मी मुद्दाम जर्मन बोलायला लागले होते, एवढं सांगते. मला तो सगळा लाडिकपणाच वाटायचा. वेडी होते मी. प्रेमात माणूस आंधळा होतो म्हणतात, मी तर बहिरीही झाले होते.

रविवारी तो मला आईकडे जेवायला नेई. चौथ्या मजल्यावरचं दोन खोल्यांचं घर. म्हातारी तेलात तळलेली आर्टिचोकची फुलं माझ्या ताटात वाढत राही आणि त्याला टोमणे मारत राही. "अडतीस वर्षांचा घोडा झालास. या मुलीला नुसतं फिरवत ठेवणार आहेस की घरात आणणार आहेस?"

"आई, ती नटी आहे. तिला भांडी घासता येत नाहीत."

"तुला तरी कुठे येतात? मी गेले की दोघं ताटंच विकत आणत बसा!"

मी लाजले. खरं सांगते, त्या टेबलावर मला वाटलं, आता हेच माझं घर. कासेलचं घर मी आठ वर्षांची असताना युद्धातल्या बाँबफेकीत एका रात्रीत जळून गेलं होतं. बाबा त्यातच गेले. आईनं तळघरात मला छातीशी धरून कानात बोलत ठेवलं होतं, तेवढा तिचा आवाज वाचला. घर म्हणून माझ्याकडे उरलं होतं ते एवढंच, माझी भाषा.

वसंतात मला खरीखुरी भूमिका मिळाली. मुकुट नाही, तलवारी नाहीत. समुद्रकाठच्या एका कोळ्याची परदेशी बायको. मी निर्माते मारियानी साहेबांसमोर हात जोडले.

"साहेब, ही बाई परदेशीच आहे. ती माझ्यासारखीच बोलणार. या वेळी माझा आवाज राहू द्या ना! आता मला इटालियन येतं."

मारियानी साहेबांनी सिगार फिरवला. "इर्मेला, तुझे उच्चार ऐकले की लोकांना युद्धातलं जुनं काही आठवतं गं. आपल्याकडे तो उच्चार फक्त खलनायकाला देतात." मग माझं तोंड बघून विरघळले. "बरं, फोस्कोला विचार. त्याला चाललं तर मला चाललं."

मी नाचतच बाहेर आले. फोस्कोच ठरवणार! म्हणजे ठरलंच की! त्या रात्री मला झोप लागली नाही. लोक अखेर माझं ऐकणार होते — माझा चेहरा लावलेली निवेस नव्हे, मी.

आवाजाच्या खोलीत मी पडद्यासमोर उभी राहिले. निवेस कोपऱ्यात विणत बसली होती. तिनंच माझ्या पाठीवर थाप मारली. "घाबरू नकोस. तो तुझा चेहरा आहे, खाऊन टाकणार नाही तुला."

पडद्यावर तो प्रसंग आला. नवरा वादळात होडी घालायला निघतो आणि बायको दार अडवते. पहिली वाक्यं हळू होती, बरी गेली. फोस्कोनं अंधारातून "छान" म्हटलेलं ऐकू आलं. मग ती ओरडते. मीही ओरडले — जीव तोडून. "उभा राहा! बाहेर पाऊल टाकायचं नाही!" इटालियनच शब्द होते, पण रागात, भीतीत जीभ आपल्या घरी पळते ना... सगळं कासेल त्यात उतरलं.

दिवे लागले. फोस्कोचा चेहरा पांढराफटक. हातातली पेन्सिल खाली पडली होती, ती त्यानं उचलली नाही.

"निवेस करेल," तो म्हणाला. माझ्याकडे न बघता. आणि निघून गेला.

निवेसनं सुया खाली ठेवल्या. "मी नाही म्हणेन पोरी, तू सांग फक्त," ती म्हणाली. मी ती पेन्सिल उचलून टेबलावर ठेवली आणि बाहेर पडले.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी त्याच्या घरी गेले. आई बाजारात गेली होती. तो टेबलाशी बसला होता, रात्रभर तिथेच बसल्यासारखा.

"लोक हसतील म्हणून केलंस?" मी दारातूनच सुरू केलं. "की मारियानींना घाबरलास? बोल! सगळ्या जगानं माझं तोंड बंद केलं असतं तरी चाललं असतं मला. तू केलंस फोस्को, तू!"

"लोकांसाठी नाही केलं," तो म्हणाला. "मला ऐकवेना."

मग त्यानं सांगितलं. एकोणीस वर्षांचा शिपाई होता तो. युद्धात इटलीनं बाजू पालटली तशी कालच्या दोस्तांनी, जर्मनांनी, त्याला पकडून गुरांच्या डब्यात घालून जर्मनीत रूरच्या कोळशाच्या खाणीत नेलं. पहाटे रांगेत उभं करून जर्मनमध्ये मोजायचे. आकडा चुकला, कुणी उभं राहताना डगमगलं, की... त्याचा शेजारी डगमगला होता, तो परत उठला नाही. त्याच्याच गावचा मुलगा. फोस्कोनं त्याचं नाव सांगितलं.

"आणि मग तू आलीस," तो म्हणाला. "पडद्यावर. मुकी. भावाच्या प्रेतावर रडत तेच आकडे म्हणत होतीस. मी ओठांवरून ओळखले. आवाज नव्हता... आणि पहिल्यांदा मला त्या आकड्यांची भीती वाटली नाही. इतके सुंदर दिसत होते ते! मी ती फिल्मची पट्टी पुन्हा पुन्हा लावली. काम कधीच संपलं होतं इर्मेला. मी आपला तुला बघत बसलो होतो."

माझा सगळा राग गळून गेला. मी त्याचं डोकं पोटाशी धरलं.

"लग्न कर माझ्याशी," तो तिथूनच म्हणाला. "इथेच राहू. आईला सांभाळू. आपण इटालियन बोलू, बस. त्या आवाजाचं सोडून दे ना... काय अडतंय त्यावाचून?"

हेच शब्द ऐकायला मी इतके महिने जीव टांगून बसले होते. आणि ऐकले तेव्हा तोंडातून भलताच प्रश्न निघाला.

"फोस्को, आपल्याला बाळ झालं, आणि ते रडायला लागलं... तर मी त्याला कुठल्या भाषेत थोपटू?"

खाली अंगणात कुणीतरी गालिचा बडवत होतं.

"मी शिकेन," तो शेवटी म्हणाला. "सवय करेन. आताच करतो. बोल. तुझ्या भाषेत बोल काहीतरी. हळू बोल."

"नको रे."

"बोल म्हणतो ना! तुझाच आवाज आहे. तुझ्या आवाजाला मी काय घाबरणार?"

मी मागे सरून टेबलापलीकडे बसले. आई मला ज्या सुरात हाक मारायची त्या सुरात, अगदी हळू, जर्मनमध्ये म्हणाले, "ये फोस्को. बस माझ्याजवळ."

तो उठला.

मला वाटलं, जवळ येतोय. पण तो खुर्चीमागे जाऊन उभा राहिला. टाचा जुळलेल्या. हात मांड्यांना चिकटलेले. मान ताठ, नजर माझ्या डोक्यावरून समोरच्या भिंतीवर. चेहऱ्यावर मात्र हसू होतं, मला खूश करायला आणलेलं.

"बघ," तो म्हणाला, "जमतंय की! काही झालं नाही मला."

त्याला माहीतच नव्हतं तो कसा उभा आहे.

मला हुंदका आवरेना. "काय झालं? अगं, जमलं ना मला?" तो विचारत राहिला, तसाच उभा राहून. मी काय सांगणार होते त्याला? मी झोपेत बरळले तरी हा माणूस अंथरुणातून उठून असाच उभा राहणार. पोराला अंगाई म्हटली तरी उभा राहणार, आणि वर मला सांगणार, काही झालं नाही. नाहीतर मग मी मुकी व्हायचं, स्वतःच्याच घरात. माझं त्याच्यावर इतकं प्रेम होतं की दोन्हीतलं एकही मला सोसवलं नसतं.

मी उठून त्याचे ते चिकटलेले हात सोडवले. एकेक करून त्यांची चुंबनं घेतली. "निवेसला सांग, तीच करू दे," मी इटालियनमध्ये म्हणाले. "छान करेल ती." आणि रेनकोट उचलला.

तेव्हा कुठे त्याच्या लक्षात आलं. "इर्मेला? इर्मेला, कुठे निघालीस?"

मी जिन्यात पोचले होते. एक मजला उतरलेही होते, आणि वरून त्याची हाक आली... जर्मनमध्ये. इतक्या वर्षांत त्यानं ती भाषा तोंडातून काढली नव्हती. माझ्यासाठी काढली.

"थांब!"

जिना दणाणला. असा कर्कश, असा करडा आवाज की दुसऱ्या मजल्यावरच्या बाईनं घाबरून दार लावून घेतलं. बिचाऱ्यानं तो शब्द एकाच सुरात ऐकला होता, रांगेत उभं राहून. दुसरा सूर त्याला येतच नव्हता. "थांब! थांब!" तो हुकूम सोडत होता, आणि या सबंध इमारतीत, सबंध रोममध्ये, माझ्याशिवाय कुणालाही कळलं नसतं की हा माणूस रडतोय.

मी कठड्याला धरून उभी राहिले. वर बघून "येते" म्हणावंसं फार वाटलं. पण ते कुठल्या भाषेत म्हणू, हेच सुचेना. मग मी तशीच जिना उतरले.