लंगडी तेल पिते

'संचालक' अशी हाक आली की साहेब अजूनही मागे वळून बघत, दुसराच कुणी असावा तसे. उभी हयात पाणीपुरवठ्यात इंजिनिअर म्हणून गेलेली. जुना वाफेचा पंप भंगारात निघाला तेव्हा ते सगळ्या खात्याशी भांडले. "एवढा जीव आहे ना, मग तुम्हीच सांभाळा," म्हणत वरच्यांनी अख्खं यंत्रसंग्रहालयच त्यांच्या गळ्यात मारलं.

पंपाचं नाव लंगडी. तीन ठोके नीट टाकायची, चौथा गाळायची. साहेबांनी नाना उपाय केले, पण खोड गेली नाही ती नाहीच. आता लोकांना आतलं दिसावं म्हणून तिचा सिलिंडर उभा कापून उघडा ठेवला होता. त्यात वाफ कोंडणं शक्यच नव्हतं, पाइप तर केव्हाच काढलेले. तरी रोज सकाळी साहेब तिच्या बेअरिंगला उलटा हात लावून, तापलंय का ते बघत. जुनी सवय, दुसरं काय!

त्या आठवड्यात बेअरिंगवरची तेलाची वाटी दोनदा कोरडी निघाली.

"साहेब, ही बया तेल पिते की काय?" झाडणाऱ्या मावशी म्हणाल्या.

"गळत असेल कुठेतरी." साहेबांनी खाली कागद अंथरला. त्यावर एक डागही पडला नाही.

सुट्टीच्या दुपारी साहेब ऑफिसात एकटेच होते. टेकडीवरच्या हॉस्पिटलातून जावयाचा फोन आला. "बाबा, ही अडलीये. लगेच ऑपरेशन करायचंय आणि इथे पाण्याचा थेंब नाही! नवे पंप जळलेत म्हणे. टँकर चढावर अडकलाय."

साहेबांनी फोन ठेवला. पळत निघाले ते लंगडीपाशी अडखळले.

"बघतेस काय नुसती? माझी पोर आहे ती!"

उघड्या सिलिंडरवर त्यांनी थाप मारली आणि स्वतःचीच लाज वाटली. वाटी पुन्हा कोरडी होती. तशा घाईतही हाताने ती भरलीच.

हॉस्पिटलात पोचले तर नर्स हात धूत होती. "आलं हो पाणी! पण कसल्या उचक्या देतंय बघा."

नळातून तीन उसळ्या. मग खंड. पुन्हा तीन.

साहेबांनी पंपघराला फोन लावला.

"पंप बंदच आहेत साहेब," तिथला इंजिनिअर म्हणाला. "खोलून माझ्या पुढ्यात ठेवलेत."

साहेबांनी धारेखाली हात धरला. पाणी कोमट होतं.

दाराआड बाळ रडलं.

दुसऱ्या सकाळी लंगडीची वाटी कोरडी होती. साहेबांनी भरली. त्यानंतर तेल उतरलंच नाही, आणि मावशींनी विचारणंही सोडून दिलं.

मुलगी घरी आली. "बाबा, घ्या की नातीला! चावत नाही ती."

साहेबांनी आधी बाळाच्या छातीला उलटा हात लावला. छान ऊब होती.

"गुणाची आहे हो," बाळाला पाजायला घेत मुलगी म्हणाली. "एकच खोड. तीन घोट घेते नि थांबते. डॉक्टर म्हणतात, काही काळजी नाही, जाईल हळूहळू."

साहेब ऐकत राहिले. तीन घोट. खंड. तीन घोट.

"नाही जायची," ते हळूच म्हणाले.