पूर्ण शेकेल

युफ्रेटिसच्या काठावरचा तो पार्थियन किल्ला धुक्यातून अजून पुरता वर आला नव्हता, तटावरच्या मशाली एकेक करून विझत होत्या आणि पूर्वेच्या वाटेवर काफिल्याची धूळ दिसू लागली होती. जी धूळ पाहून बुरुजावरचा हनामेल दरवर्षी हरखून जायचा, तीच पाहून आज त्याच्या काळजात धस्स झालं.

साऱ्या शिबंदीत हा एकटाच यहुदी. वर्षभर परक्या देवांच्या शपथा ऐकायच्या, वेगळी चूल मांडून एकट्यानं जेवायचं, आणि बाबिलोनच्या यहुद्यांचा मंदिरकर जेरुसलेमला नेणारा काफिला आला, की खाली उतरून आपला अर्धा शेकेल द्यायचा. प्रत्येक पुरुषानं तेवढाच द्यावा, श्रीमंतानं अधिक देऊ नये, गरिबानं कमी देऊ नये, अशी धर्माज्ञाच होती. त्या सामायिक पैशातून मंदिरात रोज सगळ्यांच्या नावे होमार्पण व्हायचं. त्या अर्ध्या नाण्यापुरता का होईना, हनामेल आपल्या माणसांत असायचा!

आणि किल्लेदार बागासनं कालच फर्मावलं होतं, "काफिला मुक्कामाला आत आण. तुझी भाषा ऐकून ते निर्धास्त येतील. दरवाजा लागला की पुढचं, लुटीचं, माझे भालाईत पाहतील. शेजारी दुभाष्या असेल. एक शब्द वावगा गेला, तर तुझं मुंडकं तटावर टांगीन."

उघड्या मैदानात काफिल्याच्या धनुर्धरांना भिडण्याइतकी माणसं बागासकडे नव्हती. सारा डाव दरवाजाच्या आतला होता.

दुभाष्याला शेजारी घेऊन हनामेल दरवाजाबाहेर आला, तेव्हा काफिल्याचा म्होरक्या, वृद्ध शेलेम्या, उंटावरून उतरला. "हनामेला, लेकरा, खुशाल आहेस ना?"

वर्षानं कानी पडलेली आपली भाषा! हनामेलला रडूच फुटायचं बाकी होतं.

"आजोबा, मुक्कामाला आत चलावं," असं म्हणत त्यानं म्हाताऱ्याच्या हातावर पूर्ण शेकेल ठेवला.

"अर्धा परत देतो, थांब."

"नको. सगळा माझ्या एकट्याच्या नावे घ्या. इतरांच्या बरोबरीचा वाटा मला आता पुरत नाही."

दुभाष्याला त्यात काय खटकणार? गडी उदार झाला, एवढंच त्याला वाटलं.

शेलेम्यानं एकदा नाण्याकडे, एकदा किल्ल्याच्या उघड्या दरवाजाकडे पाहिलं. मग त्यानं नाणं धुळीत भिरकावलं.

"देवापुढे ज्याला आपल्या भावांहून मोठं व्हायचंय, त्याच्या छपराखाली आम्ही पाठ टेकणार नाही. यंदाच्या होमार्पणात तुझा वाटा नाही. चला रे!"

उंट वळले. हनामेलचा जीव भांड्यात पडला, आणि त्याच क्षणी आपल्याला या जगात कोणी उरलं नाही, हेही त्याला उमजलं.

बागासनं थयथयाट केला. पण शब्द एकही वावगा गेला नव्हता, अशी दुभाष्यानंच शपथ वाहिली, म्हणून हनामेलचं मुंडकं वाचलं. पुढल्या वर्षापासून काफिला वाळवंटातल्या दूरच्या वाटेनं जाऊ लागला. हनामेल त्याच बुरुजावर म्हातारा झाला. आपली माणसं वाचली, एवढं त्याला ठाऊक होतं. ती आपल्याला दुवा देतात की शिव्याशाप, हे सांगायला मात्र तो मरेपर्यंत कोणी आलं नाही.