खोक्यातली बाई

आधी मला त्याचे बूट भेटले.

हॅम्बुर्गच्या थिएटरात रंगमंचाच्या तोंडाशी असलेल्या खोक्यात बसून नटांना विसरलेली वाक्यं सुचवायची, हे माझं काम. तिथून माणसं बुटांपासून सुरू होतात. याच्या एका बुटाला काळी नाडी, दुसऱ्याला सुतळी. तालमीत बूट अडखळले... मी कुजबुजले. बूट सावरले. मग एक चेहरा खाली वाकला.

"वाचवलंत! रोज इथेच असता?"

"तुम्ही रोज विसरता?"

"आता विसरेन."

युद्धकैदेतून परतल्यापासून त्याची, एकार्टची, वाक्यं मध्येच गळून पडायची. माझ्या भरवशावर त्यानं शंभर प्रयोग केले. आता त्याच नाटकाचा सिनेमा. विमानांची जुनी शेड, पत्र्यावर पाऊस. पाऊस थांबला की शूटिंग. मी संहिता सांभाळायला आलेय, पण खोकं — खोकं नाही.

"फिल्म मोजकी आहे," दिग्दर्शक ब्रांडिस म्हणाले. "तीन टेक. नाहीतर बर्लिनचा नट बोलावतो."

टेक १

एकार्ट नायिकेला मागणी घालतो. घालतो... थांबतो. सवयीनं सेटच्या भिंतीमागून माझ्या तोंडून वाक्य सुटतं.

ध्वनिमुद्रक पोल कानांवरचे हेडफोन ओढून काढतो. "साहेब, भिंतीतून बाई बोलतेय!"

"आल्मुटबाई, हे थिएटर नाही!"

टेक २

मी तोंडावर हात दाबलाय. एकार्ट जमिनीकडे बघतो. शोधतो. तिथे नुसत्या वायरी.

"बटण पडलं का साहेबांचं?" ब्रांडिस ओरडतात. "कट!"

पुन्हा पाऊस

एकार्टनं चिकोरीची कॉफी न पिताच बाजूला ठेवली.

"संपलं, आल्मुट."

"आधी ती कॉफी संपवा."

"जमलं तर... एक विचारायचंय."

"काय?"

"जमलं तर —"

पत्रा गप्प झाला.

टेक ३

मी कॅमेऱ्याखाली पालथी पडलेय. गार सिमेंट. खोक्यातून दिसायचे तसे डोळ्यांसमोर बूट. मी ओठ हलवते — आवाज नाही, श्वाससुद्धा नाही. त्याची नजर भिरभिरत खाली येते... सापडते. एक शब्द. पुढचा. त्याच्या पुढचा. माझी छाती धडधडतेय. पोलला ऐकू गेली तर?

"कट!"

ब्रांडिस नाक शिंकरतात. "नजर काय झुकवलीस रे! नाटकात असा कधी लाजला नव्हतास."

"आवाज स्वच्छ," पोल म्हणतो.

कटनंतर

एकार्ट माझ्यासमोर गुडघ्यांवर बसला. दोन्ही बुटांना काळ्या नाड्या. आज मुद्दाम.

"जमलं," तो म्हणाला. "लग्न करशील माझ्याशी?"

नायिकेचं उत्तर मला पाठ होतं. सगळ्यांचंच सगळं पाठ होतं. माझं मात्र... डोकं कोरं. आणि मला सुचवणारं कुणी —

त्यानं आवाज न करता ओठ हलवले.

"हो!" मी म्हणाले. जरा मोठ्यानंच.

"माइक चालू आहे, बाई!" पोल ओरडला. "आता मागे फिरता येणार नाही."