नितळ चेहऱ्याचा नायक

"हा जो कोण चित्रकार आहे ना, त्यानं जन्मात कधी मुलगी पाहिलेली नाही!" रत्नप्रभा म्हणाली, आणि टेबलापलीकडे बसलेल्या माणसाकडे बघून हसली.

घाटकोपरला, स्टेशनजवळच्या गल्लीत, एका छापखान्याच्या माडीवर 'गुलबक्षी' मासिकाची कचेरी होती. कचेरी म्हणजे दोन खोल्या आणि संपादिका विमलाताई. चौऱ्याऐंशी सालचा श्रावण होता. विमलाताई खाली मशीनवाल्याशी भांडायला गेल्या होत्या आणि वर हे दोघेच उरले होते. रत्नप्रभा नवी गोष्ट द्यायला आली होती. समोरचा जाहिरात द्यायला आलेला कुणी दुकानदार असावा, असा तिनं आपला अंदाज बांधला. टेबलावर ताजा अंक होता. त्यात तिच्या गोष्टीवरचं, खाली 'धाकू' अशी सही असलेलं चित्र तिनं अगदी नाकाजवळ नेऊन पाहिलं, आणि तिचं डोकंच फिरलं.

"बशीएवढे डोळे! आणि केस म्हणजे नुसता धबधबा. माझी नायिका अशी नाहीच मुळी."

"मग कशी आहे?" त्यानं विचारलं. आवाज खोल होता, सावकाश होता. तिला तो उगीचच आवडला.

"कशी म्हणजे... साधी."

"ते लिहिलंय कुठे तुम्ही? तिच्या बांगडीला पडलेला चरा लिहिलाय, पदराची उसवलेली शिवण लिहिलीय. चेहरा नाही लिहिलात. मग मी बश्यांवर भागवलं."

रत्नप्रभाच्या कानाच्या पाळ्या तापल्या. "म्हणजे... तुम्हीच धाकू?"

"धाकू परब."

"मला वाटलं, धाकू म्हणजे कुणी म्हातारे गृहस्थ असतील—"

"होईन की. जरा धीर धरा."

ती हसली. न हसून सांगते कुणाला! तोही हसला असावा. तिला आवाजावरून तसं वाटलं.

"एक विचारू?" तो म्हणाला. "तुमच्या सगळ्या गोष्टींची चित्रं मीच काढतो. एकाही गोष्टीत आकाश नाही. झाड असतं ते हिरवा ढीग. माणूस येतो तो आधी चपलांचा आवाज, मग साबणाचा वास, आणि अगदी जवळ आला की शर्टाचं बटण. हाताच्या अंतरापलीकडचं तुम्ही काही लिहीतच नाही... नंबर किती आहे?"

"कसला?"

"डोळ्यांचा."

मॅट्रिकपासून तिनं ही गोष्ट झाकली होती. वर्गात पहिल्या बाकावर बसून, बसचा नंबर शेजारच्या बाईला विचारून, रस्त्यात भेटलेल्या प्रत्येकाकडे बघून हसून तिनं ती निभावली होती. कॉलेजातल्या मैत्रिणींनाही पत्ता लागला नव्हता. आणि या माणसानं ती तिच्याच ओळींतून वाचून काढली!

झाकायचं कारण घरी होतं. विक्रोळीच्या चाळीत. गिरणी संपात गेल्यापासून बाबा एका कारखान्याच्या गेटवर बसत होते आणि आईनं मुलीच्या लग्नाचा ध्यास घेतला होता. आई मालवणकडची, बोलायला लागली की थेट घाव. "चष्मो लावन बसलंस तर तुका पसंत कोण करतलो गो?" एवढं एकच वाक्य, पण त्यापुढे डॉक्टरबिक्टर सगळे गप्प. पाहायला येणाऱ्या मुलांपैकी रत्नप्रभानं एकालाही धड पाहिलं नव्हतं. त्यांनी तिला पाहिलं, पोहे खाल्ले आणि नंतर कळवतो म्हणाले.

"कुणाला सांगू नका," ती हळूच म्हणाली.

"नाही सांगत. पण एका अटीवर. लांबचं काय आहे, ते मला विचारायचं."

आणि ती खरंच विचारू लागली.

गोष्ट द्यायला महिन्यातून एकदा यायचं, तिथे ती कधी खाडाखोड करायला, कधी प्रूफं बघायला येऊ लागली. त्यालाही त्याच दिवशी कचेरीत काम निघू लागलं. विमलाताईंना काय ते कळलं असावं, पण त्या बाई मोठ्या शहाण्या. नेमक्या त्याच वेळी मशीनवाल्याशी भांडायला जायच्या. मग हे दोघे गच्चीवर. कठड्याला टेकून तो सांगायचा आणि ती ऐकायची. 'अहो-जाहो' कधी गळून पडलं, दोघांनाही आठवत नव्हतं.

"समोर काय आहे?"

"विक्रोळीची चिमणी. तुझ्या घराकडची. धूर उजवीकडे वळलाय."

"त्याच्या पलीकडे?"

"खारफुटी. मग मिठागरं. पाण्याचे चौकोन आहेत, आणि प्रत्येक चौकोनात आभाळाचा वेगळा तुकडा. थांब, विमान आलं... सांताक्रूझला उतरायला निघालंय. चाकं बाहेर काढलीयत. बगळा उतरताना पाय सोडतो ना, तस्सं."

"आणि मागे? डोंगर कसे दिसतात?"

"डोंगर ना? दुरून साजरे."

ती खळखळून हसली. तो हसला नाही, हे मात्र तिच्या ध्यानात आलं नाही.

तिच्या गोष्टींत आता मिठागरं आली, विमानं आली, आकाश आलं. चित्र डोळ्यांपुढे उभं राहतं, असं वाचक कळवू लागले. विमलाताई म्हणाल्या, "तुझं बरं आहे बाई! आंधळा मागतो एक डोळा आणि देव देतो दोन." रत्नप्रभा लाजून खाली बघत राहिली. तिचं त्याच्यावर प्रेम बसलं होतं, आणि ते तिला चांगलं ठाऊक होतं. हातातून कागद घेताना त्याची बोटं तिला अगदी जवळून दिसायची. नखांतली काळी शाई, अंगठ्याजवळची जुनी भाजल्याची खूण. चेहरा मात्र कधी टेबलापलीकडे, कधी हातभर लांब. गव्हाळ, सौम्य, कडा विरघळलेला. तेवढ्यावर ती खूश होती. त्याहून जवळ जाण्याचा तो काळ नव्हता आणि ती मुलगीही तशी नव्हती.

थंडी सुरू झाली तेव्हा एकदा उडप्याच्या हॉटेलात तो बराच वेळ बशीत चमचा फिरवत बसला.

"रत्ना, मला तुला काहीतरी विचारायचंय... पण आधी तू चष्मा घे."

"का? चष्म्यानं ऐकू जास्त येतं?"

"नाही. पण उत्तर नीट देता येतं."

"आणि मी आत्ताच दिलं तर?"

"नाही चालणार."

काय विचारणार, ते न कळायला ती काही कुक्कुलं बाळ नव्हती. त्याच्या अटीचं तिला हसू येत होतं. आईला काय ते मागाहून सांगू, असं ठरवून तिनं डोळे तपासून घेतले. चष्मा तयार झाला त्या दुपारी तो दुकानात आत आला नाही. समोरच्या फुटपाथवर, भर उन्हात थांबतो म्हणाला.

चष्मा लावून ती दुकानाच्या पायरीवर आली, आणि तिथेच थबकली. विजेच्या तारा! एकेक वेगळी! समोरच्या पिंपळाला पानं होती, ढीग नव्हता. तिसऱ्या मजल्यावरच्या बाईच्या नाकातली चमकी दिसत होती. बसवरची पाटी तिनं मोठ्यानं वाचली आणि शेजारून जाणारा माणूस दचकला. हसत-हसतच तिनं धाकूला शोधायला मान वळवली. समोरून कुणीतरी हात वर केला. तो दुसराच कुणी असावा, असं तिला वाटलं.

त्या माणसाच्या सगळ्या तोंडावर देवीचे व्रण होते. खोल, एकाला एक लागून. डाव्या डोळ्याची पापणी एका व्रणानं ओढून धरली होती.

तो रस्ता ओलांडून तिच्यासमोर आला. "काय गं, दिसतंय ना?"

आवाज धाकूचा होता.

रत्नप्रभाचा हात आपोआप वर गेला आणि तिनं चष्मा काढला.

खोटं कशाला सांगा, ती दचकली होती. सगळ्या जगाला दिसत होतं, म्हणूनच तिला कुणी सांगितलं नव्हतं. तिला वाईट वाटलं ते स्वतःच्या हाताचं. पण हात तर काम करून बसला होता.

"डोळे... जरा दुखतायत," ती म्हणाली.

त्यानं तिच्या हातातल्या चष्म्याकडे पाहिलं. मग म्हणाला, "पहिल्या दिवशी दुखतात. सवय होते."

"तू काहीतरी विचारणार होतास ना?"

"तसं विशेष काही नव्हतं गं."

त्यानं तिला बसस्टॉपपर्यंत सोडलं. बस आली तेव्हा नेहमीसारखा नंबर वाचून सांगितला.

अंधाऱ्या जिन्यात शेवटची पायरी संपली असं समजून पाऊल टाकावं, आणि खाली अजून एक पायरी असावी. जीव दचकतो, पण घर तर आपलंच असतं. रत्नप्रभाचं तसंच झालं होतं. संध्याकाळ व्हायच्या आतच तिला तो चेहरा पुन्हा पाहावासा वाटू लागला, नीट, डोळे भरून. देवी आल्या तेव्हा हा केवढा असेल, कुणी त्याला उशाशी बसून वारा घातला असेल, असले विचार मनात येऊन डोळ्यांत पाणी यायचं. प्रेम कणभरही कमी झालं नव्हतं. पण हे त्याला सांगायचं कसं? "तुझ्या व्रणांचं मला काही वाटत नाही," म्हणावं, तर ते उपकार केल्यासारखं वाटणार. न बोलावं, तर तो हात मध्ये उभा.

बोलता येत नव्हतं, तेव्हा तिनं तिला येत होतं ते केलं. गोष्ट लिहिली.

गोष्टीतला नायक चित्रकार होता. त्याचा खोल आवाज, नखांतली शाई, उन्हात मान किंचित तिरकी करून उभं राहणं, सगळं तिनं जीव ओतून लिहिलं. वाचणाऱ्या परक्यालाही कळलं असतं की लिहिणारी या माणसावर जीव टाकते. चेहऱ्यापाशी आल्यावर मात्र पेन अडलं. व्रण लिहावेत तर तो दुखावेल. तिनं बराच विचार केला, आणि त्याचं मन राखायचं म्हणून लिहिलं— 'नितळ, शांत चेहरा.' हीच आपली कबुली, असं तिला वाटलं. मला तू असा दिसतोस, हे त्याला कळेल. चित्र काढायला गोष्ट सर्वांआधी त्याच्याच हाती जाणार होती.

पुढच्या आठवड्यात ती चष्मा लावून कचेरीत गेली. वाटेत तिनं तो एकदाही काढला नाही. धाकू एकटाच बसला होता. त्यानं चित्र तिच्यापुढे सरकवलं.

कुणी एक देखणा तरुण होता. गुळगुळीत गालांचा, साबणाच्या जाहिरातीतला शोभावा असा.

"हा कोण?"

"तुझा नायक. जसं लिहिलंस तसंच काढलं यावेळी. आता बशीची तक्रार नको."

"धाकू... तो तू आहेस."

"नाही गं. याला मी ओळखत नाही." त्याच्या आवाजात राग नव्हता. असता तर बरं झालं असतं. "आधी तुला दिसत नव्हतं म्हणून तू लिहीत नव्हतीस. ते मला फार आवडायचं. आता दिसलं, आणि तरी नाही लिहिलंस."

"तुझं मन दुखू नये म्हणून—"

"माहीत आहे. तेच. उद्या घरात उठता-बसता कुणी माझं मन राखत बसलं, तर वाट लागेल माझी. या तोंडाची मला सवय आहे, रत्ना. त्या राखण्याची नाही." तो थांबला. "व्रणांची एक ओळ लिहिली असतीस ना... साधी, बांगडीच्या चऱ्यासारखी... तर मी आज विचारणार होतो."

"मग आता विचार ना!"

"आता विचारलं तर तू हो म्हणशील. तीच भीती आहे."

रत्नप्रभाला बोलायचं होतं. मला तू हवास, व्रणांसकट हवास, असं म्हणायचं होतं. पण चष्म्याच्या काचा भिजल्या होत्या, आणि रडकं तोंड त्याला दाखवायची तिला लाज वाटली. म्हणून ती त्या चित्राकडेच बघत राहिली. बडोद्याला एका जाहिरात कंपनीत नोकरी मिळाल्याचं त्यानं सांगितलं, तेव्हाही चित्राकडे. "येतो हं," म्हणाला, तेव्हाही. त्या सगळ्या वेळात तिनं मान वर करून एकदाही त्याच्या तोंडाकडे पाहिलं नाही. त्याला तेवढंच हवं होतं, हे तिला कळलं, पण तोवर जिन्यावरची पावलं थांबली होती.

पुढे रत्नप्रभाचं लग्न झालं. पाहायला आलेल्यांसमोर ती चष्मा लावून बसली, आई धुसफुसली, आणि मुलुंडच्या चंद्रप्रकाशनं पसंती कळवली. पोस्टातला, सरळ, मायाळू माणूस. संसारात काही उणं नव्हतं. लिहिणंही चालू होतं. धाकूचं चित्र तिला पुन्हा कुठल्याही मासिकात दिसलं नाही, आणि ती प्रत्येक मासिकात शोधायची.

एकोणनव्वदच्या दिवाळी अंकासाठी तिनं एक गोष्ट लिहिली. त्यात नायक पहिल्यांदा येतो तिथे ओळ होती— 'त्याच्या तोंडावर देवीचे व्रण होते, एका पापणीला एकानं ओढून धरलं होतं, आणि तो जवळ आला की तिला दुसरं काही बघावंसं वाटत नसे.' त्या ओळीत तिनं काही खोडलं नाही, काही राखलं नाही.

अंक आला. चित्र कुणा नव्या चित्रकाराचं होतं. नायक होता गोरागोमटा, नितळ.

तिनं शेजारच्या वाण्याकडून विमलाताईंना फोन केला. "अगं, वाचकांना तसं आवडत नाही," ताई म्हणाल्या. "आणि आता काय, अंक छापूनही झाला."

दुपारी घरात कुणी नव्हतं. रत्नप्रभानं अंक मांडीवर घेतला, पेन उघडलं, आणि त्या नितळ गालावर बारीक टिंबं काढायला घेतली. कपाळावर, नाकाच्या बाजूला, हनुवटीवर. डावी पापणी तिनं किंचित खाली ओढली. हळूहळू तो चेहरा ओळखीचा होऊ लागला. ती पहिल्यांदाच त्याच्याकडे नजर न चुकवता, हवा तेवढा वेळ बघत होती.

चंद्रप्रकाश कधी घरी आला, तिला समजलं नाही. तिच्या खांद्यावरून वाकून तो म्हणाला, "अगं, चांगलं चित्र का बिघडवतेस?"

"बिघडवत नाही," ती म्हणाली. "राहून गेलं होतं, ते करतेय."