जबाब साडेचारला

कोर्टाच्या बाकावर जागा नव्हती. एकाने आपली पिशवी उचलून मांडीवर घेतली, म्हणून मी टेकले. आईच्या पेन्शनसाठी प्रतिज्ञापत्र करायचं होतं आणि शिक्का मारणारे गृहस्थ जेवायला गेले होते.

"मॅडम, जिना चढून पाय दुखतात का अजून?"

वळून पाहिलं, तर तो पिशवीवाला म्हणजे आमच्या इमारतीचा लिफ्टवाला. तिथे तिसऱ्या मजल्यावर दातांच्या दवाखान्यात मी काम करते. महिन्यापूर्वी त्यानेच दोर झिजलाय म्हणून लिफ्टला कुलूप घातलं होतं आणि माझ्यादेखत किल्ली मॅनेजरच्या हातात दिली होती. दोन दिवसांनी मॅनेजरने लिफ्ट परस्पर चालू केली. त्याच संध्याकाळी ती कोसळली आणि पाचव्या मजल्यावरचे निवृत्त मास्तर गेले.

"तुम्ही इथे कसे?"

"अटकपूर्व जामीन. पकडायच्या आधीच सोडा म्हणून विनवायचं." तो हसला, पण डोळ्यांत हसण्याइतकंही त्राण नव्हतं. "मॅनेजर म्हणतो, कुलूप नव्हतंच. लिफ्ट ठीक आहे असं मीच सांगितलं म्हणे."

"पण मी पाहिलंय ना..."

"मग आपण दोघं झालो," तो म्हणाला. "सकाळपर्यंत मी एकटाच होतो."

त्या दिवशी पुढची तारीख पडली. तोवर अटक करू नका, एवढं न्यायाधीशांनी सांगितलं. पुढच्या तारखेला मी अर्धी रजा टाकून गेले. त्याच्या पुढच्यालाही. बाकावर माझ्यासाठी त्याची पिशवी ठेवलेली असायची.

"रजेचं कारण काय सांगता?"

"दाढदुखी."

"दातांच्या दवाखान्यात?" तो खरंच हसला... आणि मला घरी जाईपर्यंत ते हसू पुरलं.

तो फार बोलायचा नाही. जिन्यात पाऊल वाजलं की झोपेतून उठून बसतो, एवढं एकदा म्हणाला. मी नुसती त्याच्या हाताकडे पाहत राहिले. वंगणाने काळवंडलेली नखं, आणि मनगटाला हळूच लावावासा वाटणारा, पण न लावलेला माझा हात.

चौथ्या तारखेला, दुपारी एक वाजता, जामीन मंजूर झाला. त्याच्या वकीलबाईंनी दारातच अटी वाचून दाखवल्या. दर रविवारी चौकीत हजेरी. साक्षीदारांशी संपर्क नाही.

"साक्षीदार म्हणजे या," माझ्याकडे बोट करून त्या म्हणाल्या. "यांनी पोलिसांत जबाब दिला, की बोलणं बंद. फोन नाही, निरोप नाही."

"किती दिवस?" मी विचारलं.

"दिवस?" बाईंनी चष्मा काढून डोळे चोळले. "वर्षं म्हणा."

त्या गेल्यावर तो हळू आवाजात म्हणाला, "नका देऊ जबाब. जामीन झालाय आता."

"खटला संपलाय का?"

त्याने नकारार्थी मान हलवली.

"मला चौकीत साडेचारला बोलावलंय," मी म्हणाले. "आत्ता एक वाजलाय. बसू या."

आम्ही बसलो. वाक्य मी तीन दिवस घोकलं होतं. मनाचा हिय्या करून म्हटलं, "मला तुम्हाला एक सांगायचंय—" आणि खांद्यावर काहीतरी जड टेकलं. तो झोपला होता. कितीक दिवसांनी, तोंड उघडं टाकून, लहान मुलासारखा. उठवावंसं वाटलं... नाही उठवलं. चार वाजता त्याचं डोकं अलगद पिशवीवर टेकवलं आणि निघाले.

चौकीत हवालदाराने कुलूप, किल्ली, तारीख सगळं लिहून घेतलं. मग विचारलं, "आरोपीशी तुमचा काही संबंध?"

"कुलूप लावलं तेव्हा काही नव्हता. आता आहे. मला त्यांच्याशी लग्न करायचंय."

त्याचं पेन थांबलं. "हे लिहिलं तर तुमच्या साक्षीचं वजन कमी होईल, ताई."

"खरं आहे ते सगळं लिहा. अर्धं नको."

"त्यांना माहीत आहे?"

"नाही. ते झोपले होते."

त्याने माझ्याकडे एकदा पाहिलं आणि लिहिलं.

तीन महिने मी दवाखाना ते घर आणि घर ते दवाखाना केलं. मग एका दुपारी वकीलबाईंचा फोन आला.

"आरोपपत्राची प्रत काल त्याच्या हातात पडली. सगळ्यांचे जबाब असतात त्यात. तुमचा त्याने चारदा वाचला."

"काय म्हणाले?"

"ते मला सांगता येणार नाही. निरोप नाही, अशी अट आहे. पण तीस वर्षं कोर्टात काढली मी. आरोपपत्र छातीशी धरून बसलेला आरोपी काल पहिल्यांदा पाहिला."